टपालाची किल्ली कोणाच्या हाती?

इतिहास म्हटला की राज्ये, लढाया आणि तह यांचीच आठवण प्रथम होते. परंतु ज्या साध्या साधनांवर माणसाचा नित्याचा व्यवहार चालतो, त्यांनाही इतिहास असतो. आणि विश्वास, फितुरी व पहारा हे विषय त्या इतिहासातही राजकीय इतिहासाइतकेच महत्त्वाचे ठरतात. आज आम्हांस अशाच एका साधनाविषयी बोलावयाचे आहे. ईमेल, म्हणजे संगणकावरचे टपाल, आले आहे की नाही हे आपल्या वतीने जाऊन पाहणारा आणि आले असल्यास ते आणून देणारा जो प्रोग्राम असतो, त्याची ही हकीकत आहे. हा प्रोग्राम ज्याने तयार केला त्याच्याकडून न घेता, मध्येच कोणी तरी उघडून, त्यात काही घालून वा काढून, पुन्हा बांधून दिलेल्या गाठोड्यातून घेतला तर काय घडते, हा आमच्यापुढील प्रश्न आहे.

विषय यंत्रशास्त्राचा वाटेल. पण त्याचा संबंध प्रत्येक घराशी आहे. आज विमा, रेल्वेचे आरक्षण, करभरणा, शेअरांचे व्यवहार अशा कित्येक ठिकाणी आपण खाती उघडून ठेवलेली असतात. त्यांपैकी एखाद्या खात्याचा परवलीचा शब्द, म्हणजेच पासवर्ड, आपण विसरलो तर नवा ठरविण्याचा दुवा बहुधा ईमेलवरच येतो. म्हणजे ज्याला आपले टपाल उघडता येते, त्याला आपली इतर कुलुपेही एकेक करून उघडता येतात. घरातील सगळ्या कपाटांच्या किल्ल्या एका फडताळात ठेवाव्या आणि त्या फडताळाची किल्ली गड्याच्या हाती द्यावी, तशी ही व्यवस्था आहे. ती कशी निर्माण झाली हे पाहिल्यावाचून तिच्यातला धोका नीट समजणार नाही.

गड्याच्या हाती किल्ली

एका संगणकावरून दुसऱ्या संगणकावर टपाल पाठविण्याचा प्रयोग १९७१ साली अमेरिकेत मॅसॅच्युसेट्समधील केंब्रिज येथे, बीबीएन या कंपनीत, रे टॉमलिन्सन यांनी केला. माणसाचे नाव आणि यंत्राचे नाव यांमध्ये '@' हे चिन्ह घालण्याची पद्धत त्यांचीच. त्या काळी टपाल पाहावयाचे म्हणजे ज्या मोठ्या संगणकावर आपले खाते असे, त्यालाच जोडलेल्या पडद्यापुढे जाऊन बसावे लागे. पेटी आणि मालक एकाच छपराखाली होते. मधल्या माणसाचे कारणच नव्हते.

पुढे १९८० साली बर्कले येथील कॅलिफोर्निया विद्यापीठात, युनिक्स प्रणालीच्या तेथील आवृत्तीत, जॉन फोडेरारो यांनी 'बिफ' नावाचा एक लहान प्रोग्राम घातला. नवे टपाल आले की तो पडद्यावर तशी वर्दी देई. बिफ हे हायडी स्टेटनर यांच्या कुत्र्याचे नाव. हा कुत्रा त्या विभागात सर्वांच्या ओळखीचा होता. पोस्टमन दिसला की तो भुंके म्हणून प्रोग्रामास त्याचे नाव दिले, अशी आख्यायिका नंतर पसरली. पण ती खरी नसल्याचे खुद्द मालकिणीनेच सांगितले आहे. आमच्या दृष्टीने महत्त्वाची गोष्ट वेगळी आहे. बिफ हा घरातलाच राखणदार होता. तो त्याच यंत्रावर राही, वर्दी देई, आणि त्याला कोणाचाही पासवर्ड लागत नसे.

स्थिती पालटली ती टेबलावरचे लहान संगणक आल्यावर. हे यंत्र रात्री बंद होई, म्हणून टपाल त्याच्यावर थेट येऊन पडणे सोयीचे नव्हते. टपाल एका मोठ्या, सदैव चालू असलेल्या संगणकावर साठवावे आणि लहान संगणकाने सवडीने जाऊन ते आणावे, अशी योजना निघाली. 'पोस्ट ऑफिस प्रोटोकॉल' या नावाने तिचे नियम ऑक्टोबर १९८४ मध्ये प्रथम प्रसिद्ध झाले. तिची तिसरी आणि पुढे जगभर रूढ झालेली आवृत्ती नोव्हेंबर १९८८ ची आहे. या नियमांतल्या पहिल्या दोन आज्ञा फार बोलक्या आहेत. एकीत वापरणाऱ्याचे नाव सांगावयाचे आणि दुसरीत त्याचा पासवर्ड. मालकाच्या जागी गडी टपालकचेरीत जाऊ लागला तो येथे. आणि गडी जावयाचा म्हणजे किल्ली त्याच्याजवळ द्यावयास हवी, हे ओघानेच आले.

याच सुमारास असे गडी तयार करणाऱ्यांची परंपरा सुरू झाली. १९८८ साली इलिनॉय विद्यापीठातील स्टीव्ह डॉर्नर यांनी 'युडोरा' हा प्रोग्राम लिहिला. अमेरिकन लेखिका युडोरा वेल्टी यांची पोस्ट ऑफिसात राहावयास गेलेल्या स्त्रीची एक कथा प्रसिद्ध आहे. तिच्यावरून हे नाव सुचले. १९९६ साली एरिक रेमंड यांनी दुसऱ्याचा एक जुना प्रोग्राम हाती घेऊन त्यातून 'फेचमेल' घडविला. ठराविक वेळाने जाऊन टपाल आणणे एवढेच त्याचे काम. त्याच्या कर्त्यांस किल्लीचे मोल पुरते ठाऊक होते. ज्या टिपणात पासवर्ड लिहिलेला असे, ते यंत्रावरील इतरांना वाचता येण्याजोगे ठेवले असेल तर फेचमेल काम करावयासच नकार देई.

दरम्यान वाटेतील चोऱ्या सुरू झाल्या होत्या. पासवर्ड तारेवरून उघड्या अक्षरांत जाई, आणि तार ऐकणाऱ्याला तो टिपून घेता येई. फेब्रुवारी १९९४ मध्ये पिट्सबर्गच्या कार्नेगी मेलन विद्यापीठातील 'सर्ट' या केंद्राने इशारा दिला की, घुसखोर जाळ्यावर पाळत ठेवून हजारोंच्या संख्येने पासवर्ड गोळा करीत आहेत. त्यानंतर वाटेवरचा मजकूर गुप्त लिपीत पाठविण्याची पद्धत क्रमाने रूढ झाली, आणि तारेवरची चोरी पुष्कळशी आटोक्यात आली. मग चोरांचे लक्ष गड्याकडे वळले. वाट कितीही सुरक्षित केली तरी किल्ली गड्याच्या खिशात असतेच.

गाठोड्याचा प्रवास

प्रोग्राम लिहिणारा एक, साठवून ठेवणारा दुसरा आणि वापरणाऱ्याच्या यंत्रापर्यंत तो पोचविणारा तिसरा, अशी विभागणी या क्षेत्रात आरंभापासूनच होती. एखाद्या विद्यापीठाच्या भांडारात मूळ गाठोडे ठेवलेले असे आणि जगभरच्या इतर भांडारांतून त्याच्या नकला असत. नकलणाऱ्यांपैकी बहुतेक जण प्रामाणिक होते. त्यांच्या श्रमांमुळेच हे ज्ञान दूरवर पोचले, हे कृतज्ञतेने मान्य केले पाहिजे. पुन्हा बांधणारा प्रत्येक जण चोर असतो, असे आमचे म्हणणे मुळीच नाही. परंतु जितके हात अधिक तितक्या संधी अधिक, हा व्यवहाराचा नियम येथेही लागू पडतो.

आपल्याकडेही या सवयीला खास कारण होते. १५ ऑगस्ट १९९५ रोजी विदेश संचार निगमने सर्वसामान्य लोकांसाठी इंटरनेट खुले केले. टेलिफोनच्या तारेवरची ती जोडणी मंद होती आणि तास मोजून वापरावी लागे. मोठा प्रोग्राम मूळ ठिकाणाहून उतरवून घेण्यात वेळ आणि पैसा दोन्ही जात. त्यापेक्षा संगणकविषयक मासिकासोबत आलेली सीडी, किंवा ओळखीच्या दुकानदाराने नकलून दिलेली सीडी, हीच जवळची वाट होती. 'कोठून का मिळेना, चालले म्हणजे झाले' ही वृत्ती त्या टंचाईच्या दिवसांत आपल्या अंगवळणी पडली. टंचाई गेली, वृत्ती मात्र मागे राहिली.

अशा वृत्तीची किंमत किती मोठी असू शकते हे चीनमध्ये सप्टेंबर २०१५ मध्ये दिसून आले. ॲपल कंपनीच्या फोनसाठी ॲप तयार करण्याचे 'एक्सकोड' नावाचे साधन मूळ ठिकाणाहून उतरवून घेण्यास तेथे फार वेळ लागे. म्हणून पुष्कळ प्रोग्रामर ते देशातील एका साठवणीतून घेत. तेथे कोणी तरी त्या साधनातच चोरवाट घालून ते पुन्हा बांधून ठेवले होते. त्या साधनाने घडविलेल्या प्रत्येक ॲपमध्ये ती चोरवाट आपोआप उतरे. वीचॅटसारखे कोट्यवधी लोकांच्या वापरातले ॲपही या तडाख्यातून सुटले नाही.

ही शक्यता केन थॉम्प्सन यांनी आधीच दाखवून दिली होती. युनिक्सच्या या जनकांपैकी एकाने १९८३ चा ट्युरिंग पुरस्कार स्वीकारताना जे व्याख्यान दिले, ते १९८४ साली छापले गेले. त्याचा सारांश असा की, प्रोग्रामाचा मूळ मजकूर तुम्ही ओळ न् ओळ वाचलात, तरी तो यंत्राच्या भाषेत उतरविणारे साधन फितूर असेल तर तुमचे वाचन व्यर्थ आहे. अखेर विश्वास ठेवावा लागतो तो माणसांवर. एका व्याख्यानाने एका शास्त्राची दृष्टी बदलल्याची जी थोडी उदाहरणे आहेत, त्यांत याची गणना करावी लागेल.

चार प्रकारची फसगत

आता प्रत्यक्ष घडलेल्या घटनांकडे वळू. त्या निवडताना प्रत्येकीत दोष निराळ्या जागी आहे, हे आम्ही पाहिले आहे.

पहिला प्रकार म्हणजे खुद्द भांडारातच गाठोडे बदलले जाणे. २१ जानेवारी १९९९ रोजी नेदरलँड्समधील आइंडहोव्हन येथील तंत्रविद्यापीठाच्या भांडारात वीत्से व्हेनेमा यांचा 'टीसीपी रॅपर्स' हा प्रोग्राम कोणी तरी बदलला. हा प्रोग्राम म्हणजे यंत्राच्या दारावरचा पहारेकरी. कोण येतो जातो यावर तो नजर ठेवी. बदललेल्या गाठोड्यातला पहारेकरी एका ठराविक खुणेने येणाऱ्यास थेट आत सोडी. इतकेच नव्हे, तर तो यंत्रावर बांधला जात असतानाच आपल्या नव्या धन्यास ईमेल पाठवून आपला ठावठिकाणा कळवी.

टपालाच्या संदर्भात याहून बोलका प्रसंग २००२ सालचा आहे. एरिक ऑलमन यांनी बर्कले येथे लिहिलेला 'सेंडमेल' हा प्रोग्राम कित्येक वर्षे जगातील ईमेलचे वहन करीत आला होता. त्याच्या ८.१२.६ या आवृत्तीचे गाठोडे अधिकृत भांडारातच, २८ सप्टेंबरच्या सुमारास बदलले गेले, आणि ६ ऑक्टोबरला भांडाराचा तो दरवाजा बंद होईपर्यंत ते तसेच वाटले जात होते. त्यातली युक्ती ध्यानात ठेवण्यासारखी आहे. बांधून तयार झालेल्या सेंडमेलमध्ये कोणताही दोष नव्हता. तो नेहमीप्रमाणे उत्तम काम करी. चोर शिरे तो प्रोग्राम बांधला जात असताना. त्या वेळी एक वेगळी प्रक्रिया गुपचूप सुरू होऊन दूरच्या एका यंत्राशी संधान बांधी आणि बांधणाऱ्याचे सारे अधिकार त्याच्या हवाली करी. 'प्रोग्राम नीट चालतो, तेव्हा तो खराच असणार' हा जो आपला नेहमीचा तर्क, तो किती फसवा आहे हे यावरून दिसते.

दुसरा प्रकार म्हणजे गडी मुळातच अविश्वासू निघणे. मार्च २००८ मध्ये उजेडात आलेले 'जी-आर्काइव्हर' प्रकरण या जातीचे आहे. जीमेलमधील आपले टपाल स्वतःच्या संगणकावर उतरवून ठेवण्यासाठी हा प्रोग्राम लोक वापरीत. एका अमेरिकन प्रोग्रामरने कुतूहलाने तो उलगडून पाहिला, तेव्हा आत त्याच्या कर्त्याच्या जीमेल खात्याचे नाव आणि पासवर्ड तसेच लिहिलेले आढळले. जो कोणी हा प्रोग्राम वापरी त्याचे नाव व पासवर्ड त्या खात्याकडे ईमेलने रवाना होई. त्या पेटीत अशी १,७७७ पत्रे साठली होती. चाचणीसाठी घातलेला भाग अनवधानाने राहून गेला, असा खुलासा निर्मात्यांकडून करण्यात आला. खुलासा खरा मानला तरी वापरणाऱ्यांच्या दृष्टीने फरक काय पडला? त्यांच्या किल्ल्यांच्या नकला एका परक्या पेटीत पडून होत्या, आणि त्यांना त्याचा पत्ताही नव्हता.

तिसरा प्रकार व्यापारी लोभाचा. २०११ साली 'डाउनलोड डॉट कॉम' या मोठ्या आणि नावाजलेल्या भांडाराने लोकांचे मोफत प्रोग्राम स्वतःच्या वेष्टनात गुंडाळून देण्यास सुरुवात केली. मूळ प्रोग्राम आत असे. पण वेष्टन उघडताना घाईने 'पुढे, पुढे' करीत गेलेल्या माणसाच्या यंत्रावर न मागितलेल्या पट्ट्या आणि जाहिराती येऊन बसत. 'एनमॅप' या प्रोग्रामाचे कर्ते गॉर्डन लायन यांनी त्या डिसेंबरात याविरुद्ध उघड तक्रार केली. येथे चोरी नव्हती. पण कर्त्याच्या नावावर मिळविलेला विश्वास दुसऱ्यानेच विकला होता.

चौथा प्रकार सर्वांत विचार करावयास लावणारा आहे, कारण त्यात कोणाचाही वाईट हेतू नव्हता. 'डेबियन' हा स्वयंसेवकांचा एक आदरणीय संघ आहे. हजारो मोफत प्रोग्राम पारखून, बांधून, तो लोकांना देतो. वाटेतील मजकूर गुप्त ठेवणाऱ्या 'ओपनएसएसएल' या प्रोग्रामातील काही ओळी तपासणीच्या एका साधनास संशयास्पद वाटल्या, म्हणून २००६ साली संघातील बांधणी करणाऱ्याने त्या काढून टाकल्या. किल्ली तयार करताना जी अनिश्चितता आवश्यक असते, ती नेमकी त्या ओळींमुळे येत होती. परिणाम असा झाला की, ज्या किल्ल्या कोणालाही ओळखता येऊ नयेत, त्यांचे प्रत्येक जातीत केवळ ३२,७६८ च नमुने उरले. हे १३ मे २००८ रोजी जाहीर झाले. तोपर्यंत सुमारे वीस महिने लोटले होते. प्रामाणिक माणसाने केलेली, चांगल्या हेतूची, लहानशी दुरुस्तीही मूळ कर्त्याच्या नजरेखालून गेली नाही तर काय करू शकते, याचा हा धडा आहे. डेबियनच्या बाजूने एवढे सांगितलेच पाहिजे की चूक त्यांनी स्वतः जाहीर केली, आणि किल्ल्या बदला असे सर्वांना बजावले. चोर हे करीत नाही.

नाव आणि शिक्का

या अनुभवांतून दोन उपाय पुढे आले: नावाचे रक्षण आणि शिक्क्याची तपासणी.

नावाविषयीचा वाद मोठा उद्बोधक आहे. मोझिला संस्थेच्या 'थंडरबर्ड' या टपाल पाहण्याच्या प्रोग्रामाची पहिली आवृत्ती ७ डिसेंबर २००४ रोजी निघाली. त्याचा मजकूर कोणीही घ्यावा, बदलावा, वाटावा, अशी मुभा होती. परंतु आमच्या संमतीवाचून बदललेल्या वस्तूला आमचे नाव व चिन्ह लावू नये, असा मोझिलाचा आग्रह होता. डेबियनला आपल्या वापरणाऱ्यांसाठी दुरुस्त्या करण्याचे स्वातंत्र्य हवे होते. २००६ च्या या वादातून तोडगा निघाला तो असा की, डेबियनने त्याच प्रोग्रामाला 'आइसडव्ह' हे निराळे नाव दिले. पुढे समेट होऊन २०१७ साली मूळ नाव परत आले. कित्येकांना तेव्हा हा शब्दांचा खेळ वाटला. आम्हांस मात्र तो सभ्य व्यवहाराचा नमुना वाटतो. गाठोडे मी पुन्हा बांधले आहे, तेव्हा त्यावर नाव माझे आणि जबाबदारीही माझी, असे तो सांगतो. ज्याला फसवावयाचे असते तो याच्या नेमके उलट करतो. वस्तू बदलतो आणि नाव मात्र जुनेच ठेवतो.

शिक्क्याची गोष्ट मराठी माणसाला समजावून सांगण्याची गरज नसावी. आपल्या जुन्या राजपत्रांत माथ्यावर शिक्का असे आणि मजकूर संपताच मोर्तब केले जाई. मागाहून कोणी एखादी ओळ वाढवू नये हा त्यातला हेतू. 'शिक्कामोर्तब' हा शब्द तेथून आपल्या बोलण्यात आला. संगणकावरचे शिक्कामोर्तब गणिताने होते. संपूर्ण मजकुरातून एक खूण काढतात. एक अक्षर बदलले तरी ती खूण पालटते. कर्ता आपल्या गुप्त किल्लीने त्या खुणेवर शिक्का उठवितो, आणि त्याच्या जाहीर किल्लीने तो शिक्का कोणालाही पडताळून पाहता येतो. फिल झिमरमन यांनी १९९१ साली 'पीजीपी' प्रसिद्ध केल्यापासून हे साधन सामान्यांच्या हाती आले. १९९९ आणि २००२ च्या दोन्ही घटनांत चोरांना गाठोडे बदलता आले, पण कर्त्याचा शिक्का उठविता आला नाही. ज्यांनी शिक्का पाहिला त्यांना भेद कळण्यासारखा होता. बहुतेकांनी तो पाहण्याचे श्रम घेतले नाहीत, ही खेदाची गोष्ट होय.

अँड्रॉइड फोनवर प्रत्येक ॲपला शिक्का सक्तीचा आहे. पण तेथे एक मेख आहे. शिक्का कोणीही स्वतःचा तयार करू शकतो. फोन एवढेच पाहतो की, नवी आवृत्ती जुनीच्याच शिक्क्याची आहे की नाही. म्हणून खऱ्या ॲपवर बनावट ॲप चढत नाही. 'आधी मूळ ॲप काढून टाका, मग हे घाला' असे जेव्हा कोणी सांगतो, तेव्हा शिक्का जुळत नाही असाच त्याचा अर्थ बहुधा असतो. एवढी एक खूण लक्षात ठेवली तरी पुष्कळ फसगती टळतील.

नव्या तऱ्हेची किल्ली

शिक्का तपासूनही एक प्रश्न उरतोच. गडी खरा आहे. पण त्याला घराची मुख्य किल्ली द्यावयाची कशाला? जानेवारी २०१५ च्या अखेरीस मायक्रोसॉफ्टने फोनसाठी 'आउटलुक' हे ॲप काढले. एका लहान कंपनीचे ॲप विकत घेऊन त्यावरच ते उभारले होते. हे ॲप वापरणाऱ्याचा पासवर्ड दूरच्या संगणकावर साठविते, असे दिसताच युरोपीय संसदेच्या संगणक विभागाने फेब्रुवारीत आपल्या सदस्यांसाठी ते बंद केले. अधिकृत, नामांकित कंपनीच्या बाबतीत जेथे हा प्रश्न विचारला गेला, तेथे अनोळखी माणसाने पुन्हा बांधलेल्या ॲपविषयी तो किती पटींनी विचारावयास हवा!

या प्रश्नाचे उत्तर 'ओऑथ' या पद्धतीने दिले. तिची पहिली नियमावली एप्रिल २०१० मध्ये आणि दुसरी ऑक्टोबर २०१२ मध्ये प्रसिद्ध झाली. या पद्धतीत आपण पासवर्ड टपालाच्या मालक कंपनीच्याच पानावर देतो. गड्याला मिळतो तो एक मर्यादित परवाना. हा परवाना हवा तेव्हा रद्द करता येतो आणि त्यासाठी कुलूप बदलावे लागत नाही. गूगलने ३० मे २०२२ पासून केवळ नाव आणि पासवर्ड घेऊन जीमेल उघडणाऱ्या परक्या प्रोग्रामांना मज्जाव केला. १९८४ साली सुरू झालेली मुख्य किल्ली हवाली करण्याची रीत अशा रीतीने मोडीत निघू लागली.

परंतु परवाना घेणारा कोण, हा प्रश्न याही पद्धतीत सुटत नाही. ३ मे २०१७ रोजी लाखो लोकांना एक ईमेल आली. ओळखीच्या व्यक्तीने 'गूगल डॉक्स'मधील कागद पाठविला आहे, असे तीत म्हटले होते. दुवा दाबल्यावर गूगलचेच खरे पान उघडे आणि 'गूगल डॉक्स'ला आपले टपाल वाचण्याची परवानगी द्यावी काय, असे विचारले जाई. पान खरे होते. पण परवानगी मागणाऱ्या परक्या ॲपने आपले नावच 'गूगल डॉक्स' असे ठेवले होते. तासाभरात गूगलने ते थांबविले. पासवर्ड कोणाचाही चोरीस गेला नव्हता. चोरला होता तो नावावरचा विश्वास.

आज काय करावे

आज टपाल पाहण्याचे मुख्य ठिकाण संगणकाऐवजी हातातला फोन झाले आहे, आणि पुन्हा बांधलेल्या ॲपांचा सुळसुळाटही तेथेच आहे. व्हॉट्सॲपचे 'जादा सोयी' असलेले अवतार आपल्याकडे पुष्कळांनी ऐकले असतील. त्यांपैकी 'एफएम व्हॉट्सॲप'च्या एका आवृत्तीत 'ट्रायडा' नावाचा घातकी भाग असल्याचे ऑगस्ट २०२१ मध्ये कॅस्परस्की या कंपनीने दाखवून दिले. ऑक्टोबर २०२२ मध्ये 'यो व्हॉट्सॲप'ची एक आवृत्ती वापरणाऱ्यांच्या खात्याच्या किल्ल्याच बाहेर पाठविते, असे तिनेच उघड केले. लग्नपत्रिका म्हणून किंवा वाहतूक-दंडाची नोटीस म्हणून येणारी जी ॲपे अलीकडे लोकांना लुबाडीत आहेत, तीही याच जातीची.

लोक अशा वाटेला का जातात, याचा विचारही सहानुभूतीने केला पाहिजे. कोणाचा फोन जुना असतो आणि त्यावर अधिकृत ॲप चालत नाही. कोणास जाहिरातींचा त्रास नको असतो. कोणास दोन खाती एकत्र हवी असतात आणि मूळ ॲप ती सोय देत नाही. या गरजा खऱ्या आहेत. त्यांना मूर्खपणा म्हणून चालणार नाही. तथापि गरज कितीही खरी असली, तरी तिच्यासाठी सर्व कपाटांच्या किल्ल्या अनोळखी माणसाला देणे हा सौदा परवडणारा नाही. फोन जुना असेल तर ॲपच्या नादी न लागता ब्राउझरमधून टपाल पाहता येते. दुसराच प्रोग्राम हवा असेल तर ज्याचा मजकूर उघड आहे आणि ज्याचे कर्ते आपल्या नावानिशी पुढे येतात, असा प्रोग्राम त्यांच्याच ठिकाणाहून घ्यावा. परक्या प्रोग्रामास मुख्य पासवर्ड सांगण्याची वेळ आली, तर तेथेच थांबावे. दिलेले परवाने खात्याच्या सुरक्षाविषयक पानावर दिसतात. सहा महिन्यांनी एकदा ते पाहून नको असलेले रद्द करावेत. आणि आधीच असे काही घेतले असेल, तर ते काढून टाकणे पुरेसे नाही. दुसऱ्या, विश्वासाच्या यंत्रावरून पासवर्ड बदलला पाहिजे, कारण किल्लीची नक्कल झाली असल्यास गडी काढून टाकल्याने ती परत येत नाही.

या सगळ्या हकीकतीतून आम्हांस एकच निष्कर्ष काढावयाचा आहे. प्रोग्राम चांगला आहे काय, हा प्रश्न आपण विचारतो. पण २००२ चा सेंडमेल उत्तम चालत होता, आणि जी-आर्काइव्हरही सांगितलेले काम करीत होता. विचारावयाचा प्रश्न असा की, हे कोणाच्या हातून माझ्याकडे आले, आणि ते हात आपले नाव सांगावयास तयार आहेत काय? पूर्वी पत्र हाती पडताच वाचण्यापूर्वी जाणती माणसे शिक्का न्याहाळीत. टपालाचे रूप पालटले आहे. न्याहाळण्याचे काम मात्र ज्याचे त्यानेच करावयाचे आहे, आणि त्याला फारसा वेळही लागत नाही.